चंद्रावर माणूस पुन्हा उतरवणं इतकं अवघड का? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नासाच्या आर्टेमिस या नव्या चांद्रमोहिमेची बातमी आली की तेच प्रश्न पुन्हा पुन्हा समोर येतात. त्यांची उत्तरं एका जागी असावीत म्हणून हे पान. भर आहे तो यंत्रणेवर: रॉकेट, इंधन, लँडर, धूळ, पोशाख आणि परतीचा प्रवास. पैसा आणि राजकारण जिथे टाळताच येत नाही तिथेच आलं आहे. तारखा मुद्दाम कमी दिल्या आहेत. २०१९ साली ‘२०२४ पर्यंत उतरू’ असं जाहीर झालं, तेव्हापासून त्या सारख्या पुढे सरकत आल्या आहेत. अडचणी मात्र त्याच आहेत आणि समजून घ्यायच्या त्याच.

१९६९ मध्ये जमलं, मग आता एवढा वेळ का लागतोय?

अपोलोला एकच काम दिलेलं होतं. दशक संपायच्या आत माणूस चंद्रावर उतरवायचा आणि सुखरूप परत आणायचा. त्यासाठी पृथ्वीकडे तोंड असलेल्या बाजूच्या, त्यातल्या त्यात सोप्या जागा निवडल्या. उतरणारी माणसं दोन, मुक्काम जेमतेम तीन दिवसांचा. डिसेंबर १९७२ मध्ये अपोलो १७ चे यूजीन सर्नन आणि हॅरिसन श्मिट सुमारे ७५ तास तिथे राहिले. त्यानंतर चंद्रावर कुणीही उतरलेलं नाही.

आताची मागणी आहे दक्षिण ध्रुवाजवळ उतरण्याची, आठवडाभर राहण्याची, पुढेमागे तिथे तळ उभारण्याची, आणि हे सगळं अपोलोपेक्षा कमी धोका पत्करून. शेवटची अट ऐकायला साधी वाटते, पण सगळ्यांत महाग तीच आहे. अपोलोच्या लँडरला चंद्रावरून वर उचलणारं इंजिन एकच होतं. ते मुद्दाम शक्य तितकं साधं बनवलं होतं: पंप नाही, ठिणगी पाडणारी यंत्रणा नाही. दोन रसायनं एकमेकांना भिडली की आपोआप पेटायची. पण झडपा उघडल्या नसत्या तर त्या दोघांना परत आणायचा दुसरा कोणताही मार्ग नव्हता. हे सगळ्यांना माहीत होतं आणि तरीही उड्डाणं झाली. चॅलेंजर (१९८६) आणि कोलंबिया (२००३) या स्पेस शटलच्या अपघातांनंतर तसा धोका कोणी सहजासहजी मंजूर करत नाही, आणि करूही नये असं माझं ठाम मत आहे.

शिवाय पैसा. १९६६ च्या सुमारास अमेरिकेच्या केंद्रीय खर्चातला चार टक्क्यांहून जास्त वाटा नासाकडे जात होता. आज तो अर्ध्या टक्क्याच्याही खाली आहे.

अपोलोचे आराखडे आहेत ना? तेच रॉकेट पुन्हा बनवलं तर?

आराखडे हरवले ही अफवा आहे. अपोलोच्या सॅटर्न ५ या रॉकेटची रेखाचित्रं मायक्रोफिल्मवर जपलेली आहेत. अडचण कागदाच्या पलीकडची आहे. २०१३ च्या सुमारास नासाच्या मार्शल केंद्रातल्या तरुण अभियंत्यांनी सॅटर्नचं एक जुनं एफ-१ इंजिन खोललं, त्याचा भाग न् भाग मोजला आणि त्यातला गॅस जनरेटर चाचणीच्या स्टँडवर पेटवूनही पाहिला. वेल्डिंग हाताने केलेलं होतं. कारागिरांनी काम करता करता केलेले बारीकसारीक फेरफार मूळ रेखाचित्रांत पुरते उतरलेले नव्हते. ज्यांच्या हातात ती कला होती ती पिढी निवृत्त झाली, सुटे भाग पुरवणारे कारखाने बंद पडले.

आणि समजा सगळं जसंच्या तसं उभं केलं, तरी हाती काय येणार? दोन माणसांना तीन दिवसांसाठी नेणारं यान. आज हवंय ते वेगळंच आहे.

मुळात कोणी गेलंच नव्हतं, असं म्हणतात त्याचं काय?

गेले होते. अपोलोच्या अंतराळवीरांनी ठेवलेल्या परावर्तकांवर आजही पृथ्वीवरून लेझर मारून चंद्राचं अंतर मोजलं जातं. चंद्राभोवती फिरणाऱ्या नासाच्या एलआरओ यानाने त्या जागांची छायाचित्रं घेतली आहेत आणि आपल्या चांद्रयान-२ च्या ऑर्बिटरच्या कॅमेऱ्यानेही अपोलो ११ ची जागा टिपली आहे.

आर्टेमिसचं एसएलएस हे रॉकेट सॅटर्नपेक्षा ताकदवान आहे म्हणतात. मग लँडर वेगळा का पाठवावा लागतो?

जमिनीवरून उठतानाचा थ्रस्ट, म्हणजे वर ढकलणारा जोर, पाहिला तर एसएलएस सॅटर्नपेक्षा सुमारे १५ टक्क्यांनी सरस आहे. पण चंद्राच्या वाटेवर किती वजन लावता येतं हा खरा हिशेब, आणि तिथे चित्र उलटं होतं. सॅटर्न ५ हे ४५ टनांहून जास्त वजन चंद्राकडे रवाना करायचं. एसएलएसची पहिली आवृत्ती सुमारे २७ टन. कारण वरचा टप्पा. एसएलएसला सुरुवातीचा जोर दोन घन इंधनाचे बूस्टर देतात, पण पृथ्वीभोवतीच्या कक्षेतून चंद्राकडे ढकलणारा टप्पा लहान आहे आणि त्याला एकच इंजिन आहे. सगळी क्षमता माणसांना नेणाऱ्या एकट्या ओरायन यानातच संपते. लँडरला जागा उरत नाही, म्हणून तो वेगळ्या रॉकेटने जायचा, दोन्ही यानं चंद्राजवळ भेटायची आणि माणसं एकातून दुसऱ्यात जायची.

हे रॉकेट दर वेळी हायड्रोजनच्या गळतीने का अडतं?

द्रवरूप हायड्रोजन उणे २५३ अंश सेल्सिअसला ठेवावा लागतो आणि त्याचा रेणू सगळ्यांत लहान. इतक्या थंडीत धातू आकसतात, सीलं ताठरतात, आणि सामान्य तापमानाला केलेल्या तपासणीत न सापडलेली फट टाकी भरताना उघडी पडते. एसएलएसच्या मुख्य टप्प्यात हा द्रव सुमारे २० लाख लिटर असतो. ३ सप्टेंबर २०२२ चा आर्टेमिस १ च्या, म्हणजे पहिल्या मानवरहित उड्डाणाचा प्रयत्न याच कारणाने सोडून द्यावा लागला.

नोव्हेंबरातल्या उड्डाणाच्या रात्री पुन्हा एक झडप गळायला लागली, तेव्हा तीन तंत्रज्ञ इंधनाने भरलेल्या रॉकेटच्या पायथ्याशी गेले आणि त्यांनी तिथले नट हाताने आवळले. रॉकेट वर धुसफुसत होतं, त्याचे आवाज येत होते, आणि हे खाली पाना फिरवत होते. त्याच रात्री, १६ नोव्हेंबर २०२२ ला, ते उडालं. मानवरहित यान चंद्राला फेरी मारून ११ डिसेंबरला पॅसिफिक महासागरात उतरलं.

मग हायड्रोजन हवाच कशाला? कारण वजनाच्या मानाने इतकं काम देणारं दुसरं व्यवहार्य रासायनिक इंधन नाही. आणि एसएलएसची मुख्य इंजिनं स्पेस शटलची आहेत, ती याच इंधनावर चालतात.

दक्षिण ध्रुवाचाच हट्ट का?

पाणी आणि ऊन, या दोन गोष्टींसाठी. ध्रुवाजवळच्या खोल विवरांच्या तळाशी सूर्य कधीच पोचत नाही. तिथलं तापमान उणे २०० अंशांच्याही खाली असतं आणि कोट्यवधी वर्षांत साचलेलं बर्फ टिकून राहतं. ऑक्टोबर २००९ मध्ये नासाने रॉकेटचा रिकामा टप्पा केबियस विवरात आदळवला, तेव्हा उडालेल्या धुरळ्यात पाणी सापडलं. त्याच वर्षी चांद्रयान-१ वरच्या उपकरणाने चंद्राच्या पृष्ठभागावर पाण्याच्या खुणा दाखवल्या होत्या. दुसरीकडे काही उंच कड्यांवर वर्षातला बराच काळ ऊन असतं. इतरत्र चंद्रावरची रात्र आपल्या चौदा दिवसांची, आणि तेवढा काळ बॅटरीवर काढणं फार जड जातं.

पण या सोयीची किंमत मोठी आहे. ध्रुवावर सूर्य क्षितिजापासून दीड अंशाच्या वर चढतच नाही. हिशेब करून पाहा: इतक्या तिरक्या उन्हात एक मीटर उंच दगडाची सावली जवळजवळ ३८ मीटर लांब पडते. उतरणाऱ्या यानाच्या कॅमेऱ्याला खाली काळे पट्टे आणि डोळे दिपवणारे उजळ तुकडे दिसतात; काळ्या पट्ट्यात खड्डा आहे की सपाट जमीन, ते कळत नाही. अपोलोच्या उतरणीच्या वेळा सूर्य पुरेसा वर असेल अशा बेताने ठरवल्या होत्या. ध्रुवावर ती निवडच नाही.

पृथ्वीशी संपर्काचीही तीच गत. ध्रुवावरून पृथ्वी क्षितिजालगत दिसते आणि महिन्यातला साधारण निम्मा काळ त्याखाली जाते. मधे डोंगर आला की तेवढंही नाही. म्हणजे संदेश पुढे पाठवणारे उपग्रह आधी चंद्राभोवती हवेत.

ओरायन थेट चंद्राजवळच्या कक्षेत का जात नाही?

कारण तिथे जाऊन परत निघण्याइतकं इंधन त्याच्याकडे नाही. अपोलोचं मुख्य यान जमिनीपासून सुमारे ११० किलोमीटरवर फिरत असे. ओरायनची केबिन अपोलोच्या केबिनपेक्षा जड, आणि त्याचा इंधनसाठा त्या मानाने कमी. म्हणून आर्टेमिसच्या आखणीत एक लांबुळकी कक्षा निवडली गेली. एका टोकाला यान चंद्राच्या दीड हजार किलोमीटर जवळ येतं, दुसऱ्या टोकाला सुमारे ७०,००० किलोमीटर दूर जातं. एक फेरी साडेसहा दिवसांची. या कक्षेत टिकून राहायला इंधन फार थोडं लागतं. २०२२ मध्ये कॅपस्टोन नावाचं छोटं यान तिथे जाऊन पोचलंही.

पण अपोलोत काही बिघडलं तर दर दोन तासांनी मुख्य यान डोक्यावरून जायचं. वर उडायचं, गाठायचं, निघायचं. साडेसहा दिवसांच्या कक्षेत मात्र चुकीच्या वेळी निघालात तर मुख्य यान गाठायला दिवसच्या दिवस लागू शकतात, आणि तेवढी हवा, पाणी, वीज लँडरमध्येच असावी लागते. ‘आठवडाभराचा मुक्काम’ हा आकडाही पुष्कळसा या फेरीतूनच आला आहे.

अवकाशात इंधन भरणं हा एवढा मोठा प्रश्न आहे का?

माझ्या मते सगळ्यांत मोठा. बाकीच्या अडचणींतून कधी ना कधी कोणीतरी मार्ग काढलेला आहे. या प्रमाणावर हे काम मात्र कुणाच्याही अनुभवात नव्हतं.

एप्रिल २०२१ मध्ये नासाने लँडर म्हणून स्पेसएक्सच्या स्टारशिपची निवड केली. हे यान सुमारे ५० मीटर उंच आहे. पृथ्वीभोवतीच्या कक्षेत पोचेपर्यंत त्याच्या टाक्या जवळजवळ रिकाम्या होतात. पुढे जायला हजार टनांच्या घरात द्रवरूप मिथेन आणि ऑक्सिजन लागतो, आणि तो दुसऱ्या स्टारशिपनी फेऱ्या मारून आणून द्यायचा. एका फेरीत शंभर टन पोचले असं धरलं तरी दहाच्या आसपास उड्डाणं होतात.

अवकाशात इंधन भरण्याचं काम तसं जुनं आहे. १९७८ मध्ये सोव्हिएत प्रोग्रेस यानाने साल्यूत ६ स्थानकात इंधन भरलं होतं. पण ती रसायनं साध्या तापमानाला द्रव राहणारी होती आणि लवचीक पिशव्यांमधून दाबून पुढे ढकलता येत होती. इथे ऑक्सिजन उणे १८३ अंशांना आणि मिथेन उणे १६२ अंशांना. वजनरहित अवस्थेत हा द्रव टाकीच्या तळाशी बसत नाही. तो भिंतींना चिकटतो, मधे वायूचे फुगे राहतात. पाइपच्या तोंडाशी द्रव आहे की वायू याची खात्री नसते, आणि पंपात वायू शिरला तर पंप जातो. उपाय म्हणजे दोन्ही जोडलेल्या यानांना अगदी मंद ढकलत राहायचं, म्हणजे द्रव एका बाजूला गोळा होतो. त्या ढकलण्यालाही इंधन लागतं.

टाकीत किती उरलंय ते मोजायचं कसं? मोटरसायकल हलवून आपण पेट्रोलचा अंदाज घेतो, तो वजन आहे म्हणून. वजनच नसेल तर तरंगता काटा निरुपयोगी. दाब, तापमान, आत सोडलेल्या लहरींचा प्रतिसाद यांवरून हिशेब बांधावा लागतो.

आणि हे सगळं चालू असताना ऊन टाकी तापवत असतं. द्रव उकळतो, वाफ बाहेर सोडावी लागते, म्हणजे आधीच्या फेरीत आणलेलं इंधन पुढची फेरी येईपर्यंत थोडं थोडं उडून जातं. दोन फेऱ्यांमधलं अंतर जितकं जास्त तितक्या एकूण फेऱ्या वाढतात. म्हणूनच उड्डाणतळावर एका आठवड्यात किती रॉकेटं उडवता येतात, हा वरवर वेळापत्रकाचा वाटणारा प्रश्न इथे थेट चंद्रावर पोचण्याचा प्रश्न होतो. मार्च २०२४ च्या चाचणीत स्टारशिपने आपल्याच एका टाकीतून दुसऱ्या टाकीत द्रव हलवून पाहिला. दोन यानांमधलं काम त्याच्या कितीतरी पुढचं.

मे २०२३ मध्ये ब्लू ओरिजिनचा ब्लू मून हा दुसरा लँडरही निवडला गेला. तो हायड्रोजनवर चालतो, म्हणजे उकळण्याचा प्रश्न आणखी बिकट. दोन कंपन्या, दोन वेगळे मार्ग, ही मला या सगळ्या आखणीतली सर्वांत शहाणपणाची गोष्ट वाटते. एकावर विसंबून चालणार नाही.

एवढा उंच लँडर कलंडणार नाही का?

ही भीती रास्त आहे. अपोलोचा लँडर सात मीटर उंच होता आणि त्याच्या पायांचा पसारा नऊ मीटरहून जास्त. बुटका आणि रुंद. तरीही अपोलो १५ सुमारे ११ अंशांनी कलून उभा राहिला. अलीकडे फेब्रुवारी २०२४ मध्ये ओडिसियस आणि मार्च २०२५ मध्ये अथीना हे इंट्युइटिव्ह मशीन्सचे दोन्ही उंच लँडर आडवे झाले. जपानचं स्लिम जानेवारी २०२४ मध्ये ठरल्या जागेच्या शंभर मीटरच्या आत उतरलं खरं, पण नाकावर. मार्च २०२५ मध्ये फायरफ्लायचा ब्लू घोस्ट मात्र पायांवर नीट उभा राहिला. तो तुलनेने बुटका आणि रुंद आहे.

स्टारशिपच्या बाजूने एक गोष्ट आहे: रिकामी टाकी वर आणि जड इंजिनं खाली, त्यामुळे गुरुत्वमध्य दिसतो त्यापेक्षा खाली असतो. पण परतीचं इंधनही त्याच टाक्यांत असतं. उतार, खड्डा, एका पायाखालची भुसभुशीत माती, या सगळ्यांना पुरणारे पाय हवेत, आणि उतरण्याआधी जागा अचूक निवडणारे कॅमेरे व लेझर. शिवाय माणसं राहणार वर, म्हणून जमिनीवर यायला लिफ्ट. धुळीने ती लिफ्ट अडली तर? त्या एका यंत्राला पर्याय ठेवणं हे मोठं काम आहे.

विक्रम लँडर तर ध्रुवाजवळ सहज उतरला. मग माणूस उतरवायला काय अडचण?

सहज नव्हतं. चांद्रयान-२ चं २०१९ मधलं अपयश, त्यानंतर चार वर्षं बदललेली प्रणाली, मजबूत केलेले पाय, वाढवलेलं इंधन, असंख्य चाचण्या, आणि मग २३ ऑगस्ट २०२३. त्याच्या चारच दिवस आधी रशियाचं लुना-२५ कोसळलं होतं. विक्रम उतरला ती जागाही ६९ अंश दक्षिणेला आहे, खुद्द ध्रुवापासून सहाशे किलोमीटरहून दूर. तिथे ऊन बरंच चांगलं असतं.

आणि विक्रमला परत यायचं नव्हतं. त्याचं वजन पावणेदोन टनांच्या आसपास. अपोलोचा लँडर पंधरा टनांचा. माणूस म्हटला की हवा, पाणी, उष्णता-नियंत्रण, शौचाची सोय, वर उडायचं इंजिन आणि त्याचं इंधन. वर न्यायच्या प्रत्येक किलोसाठी खाली उतरवतानाच कित्येक किलो इंधन लागतं. ३ सप्टेंबर २०२३ ला विक्रमने इंजिन पुन्हा पेटवून सुमारे ४० सेंटिमीटरची उडी मारली. बघायला छोटी, पण परतीच्या उड्डाणाच्या दिशेने टाकलेलं ते खरंखुरं पाऊल होतं.

विक्रमवरच्या चेस्ट या उपकरणाने आणखी एक गोष्ट दाखवली: पृष्ठभागावर ५० अंशांच्या वर तापमान, आणि फक्त ८ सेंटिमीटर खोलीवर उणे १०. चंद्राची माती इतकी उष्णतारोधक आहे. तळाचा पाया घालणाऱ्यांना हे आकडे सोन्यासारखे आहेत.

धुळीचं एवढं काय? झटकली की झालं!

झटकली जात नाही, हाच तर प्रश्न. चंद्रावर वारा नाही, वाहतं पाणी नाही, त्यामुळे कणांच्या कडा कधी घासल्या गेलेल्या नाहीत. उल्कांच्या माऱ्याने वितळून बनलेल्या काचेचे धारदार, आकडे असलेले तुकडे त्यात असतात. सूर्याच्या किरणांनी कणांवर विद्युतभार येतो आणि ते कापडाला, काचेला, धातूला चिकटून बसतात. घासलं तर काचेवर ओरखडे.

अपोलो १७ मध्ये सर्ननचा हातोडा लागून चांद्रगाडीचा मागचा मडगार्ड तुटला. चाकाने उडवलेली धूळ थेट दोघांच्या अंगावर यायला लागली, तेव्हा त्यांनी चंद्राचे नकाशे चिकटपट्टीने एकमेकांना जोडून त्याचा मडगार्ड बनवला आणि चिमट्यांनी गाडीला अडकवला. तेवढं केल्यावरच पुढचं काम करता आलं. तीन फेऱ्यांत पोशाखांचे सांधे जड झाले. नमुन्यांच्या पेट्यांच्या सीलमध्ये धूळ अडकून त्या नीट बंद झाल्या नाहीत. लँडरमध्ये परतून हेल्मेट काढल्यावर श्मिटचं नाक चोंदलं. हे तीन दिवसांत. महिनोन्‌महिने राहायचं असेल तर फुप्फुसांचं काय, हवा गाळणाऱ्या यंत्रांचं काय?

लँडरच्या इंजिनाचा झोत तर धुळीचा गोळीबारच करतो. नोव्हेंबर १९६९ मध्ये अपोलो १२ हे सर्व्हेयर ३ या जुन्या यानापासून सुमारे १६० मीटरवर उतरलं. अंतराळवीरांनी त्याचा कॅमेरा सोडवून आणला, तेव्हा त्यावर वाळूचा मारा झाल्याच्या स्पष्ट खुणा होत्या. हवा नसल्याने हे कण अडत नाहीत, दूरवर जातात. म्हणजे तळ उभारायचा झाला तर उतरायची जागा लांब हवी, किंवा मधे बांध हवा, किंवा पक्की फरशी हवी.

ब्लू घोस्टवर एक आशादायक प्रयोग झाला: पृष्ठभागात बसवलेल्या तारांतून बदलतं विद्युतक्षेत्र सोडून धूळ आपोआप हटवायची. चंद्रावर ते चाललं. पण काचेच्या तुकड्यावर चालणं आणि वाकणाऱ्या, मुडपणाऱ्या पोशाखावर चालणं यात अंतर आहे.

नवे स्पेससूट बनवायला इतका वेळ का?

कारण सूट म्हणजे माणसाच्या मापाचं छोटं यानच. अपोलोच्या सूटमध्ये कमरेत नीट वाकता यायचं नाही, गुडघ्यावर बसणं कठीण, पडलं की उठायची कसरत. अवकाश स्थानकावरचे सूट तरंगण्यासाठी बनलेले आहेत, चालण्यासाठी नव्हेत. २०२२ मध्ये चांद्रसूटचं काम ॲक्सिऑम स्पेसला मिळालं. सूर्य कधीच न पोचणाऱ्या विवरात किमान दोन तास टिकणं, स्त्री-पुरुषांच्या वेगवेगळ्या मापांना बसणं, आणि धूळ आत न घेणारे सांधे, या त्यातल्या कठीण अटी. सगळ्यांत अवघड भाग हातमोजे. आत दाब असताना प्रत्येक मूठ वळणं म्हणजे फुगवलेल्या वस्तूशी झुंज, आणि बारीक काम तर बोटांनीच करायचं.

आर्टेमिस १ च्या हीट शील्डचं, म्हणजे उष्णतेपासून वाचवणाऱ्या कवचाचं, नेमकं काय झालं?

चंद्रावरून परतणारं यान सेकंदाला सुमारे ११ किलोमीटर वेगाने वातावरणात घुसतं. पुढच्या हवेचं तापमान अडीच हजार अंशांच्या वर जातं. ओरायनच्या पाच मीटर व्यासाच्या तळाला ॲव्हकोट नावाचं द्रव्य लावलेलं असतं. ते जळून कोळसा होतं, थर हळूहळू झिजतो आणि उष्णता सोबत घेऊन जातो. झिजणं हेच त्याचं काम. आर्टेमिस १ मध्ये ते झिजण्याऐवजी शंभरहून जास्त ठिकाणी ढलप्या निघून उडालं.

अपोलोत हेच द्रव्य मधाच्या पोळ्यासारख्या जाळीच्या तीन लाखांहून जास्त खणांत एकेक करून हाताने भरलं जायचं. ओरायनसाठी काम सोपं व्हावं म्हणून ठोकळे बनवून चिकटवले. आर्टेमिस १ चा परतीचा मार्गही वेगळा होता: यान वातावरणात एकदा बुडी मारून थोडं वर आलं आणि मग पुन्हा खाली उतरलं. दोन बुड्यांच्या मधे बाहेरची उष्णता कमी झाली, कोळशाचा थर बनायचा वेग मंदावला, पण आतलं द्रव्य तापून वायू सोडतच राहिलं. जिथे ॲव्हकोट पुरेसं सच्छिद्र नव्हतं तिथे वायूला वाट मिळाली नाही, दाब वाढला, तडे गेले. हे कारण नासाने डिसेंबर २०२४ मध्ये जाहीर केलं. ते हुडकायला प्रयोगशाळेत तीच उष्णता-थंडीची चढउतार हुबेहूब निर्माण करावी लागली, कारण आधीच्या चाचण्यांत उष्णता जास्त ठेवली होती आणि जास्त उष्णतेत तडे जातच नव्हते.

आत माणसं असती तर त्यांना काही झालं नसतं; केबिनमधलं तापमान नेहमीसारखंच राहिलं. माणसांसह जायच्या आर्टेमिस २ साठी तयार झालेलं कवच न बदलता परतीचा मार्ग बदलायचा, आणि त्यापुढच्या यानांचं ॲव्हकोट अधिक सच्छिद्र करायचं, असं नासाने ठरवलं. यावर अनुभवी माणसांत मतभेद होते. माझं म्हणणं इतकंच, की मानवरहित उड्डाण आधी केलं नसतं तर हा दोष माणसांसोबतच पहिल्यांदा दिसला असता.

किरणोत्साराचं काय?

ऑगस्ट १९७२ मध्ये, अपोलो १६ परतल्यावर आणि अपोलो १७ निघण्याआधी, सूर्यावर प्रचंड वादळ झालं. त्या वेळी कुणी चंद्रावर असतं तर गंभीर आजारी पडलं असतं. ओरायनमध्ये अशा वेळी अंतराळवीर सामानाच्या पेट्या भोवती रचून यानाच्या मधल्या भागात आसरा घेतात. आर्टेमिस १ मध्ये हेल्गा आणि झोहर नावाच्या दोन पुतळ्यांवर मोजमाप झालं. झोहरला किरणांपासून वाचवणारं जाकीट घातलं होतं. लांबच्या मुक्कामासाठी खरा उपाय म्हणजे घरावर चंद्राचीच माती रचणं.

आजचे संगणक इतके पुढे गेलेत, ते कामी येत नाहीत का?

येतात, विशेषतः खालचा भूभाग नकाशाशी ताडून यान हाकताना. पण गुरुत्वाकर्षण, उष्णता, धूळ, इंधनाचं वजन यांपुढे संगणकाचा वेग फारसा कामाचा नाही. शिवाय आधुनिक चिपमधले घटक इतके सूक्ष्म असतात, की किरणोत्साराचा एक कण त्यात चूक पेरू शकतो. म्हणून यानांत जुन्या धाटणीचे, सिद्ध झालेले संगणक एकाहून जास्त संख्येने बसवतात.

माणूस पाठवायचाच कशाला? रोबो पुरेत की.

पुष्कळ कामाला पुरतात, आणि आधी तेच जावेत. पण अपोलो १७ मध्ये शॉर्टी विवराच्या कडेला श्मिटच्या नजरेला नारिंगी माती पडली, आणि वेळ संपत आलेला असताना त्या दोघांनी तिथेच खणून नमुना घेतला. तो अब्जावधी वर्षांपूर्वीच्या ज्वालामुखीच्या कारंजाची काच निघाली. श्मिट भूशास्त्रज्ञ होते. कुठे थांबायचं हे तिथल्या तिथे ओळखणारा डोळा अजून आपण यंत्रात घालू शकलेलो नाही.

यात भारत कुठे आहे?

भारताने जून २०२३ मध्ये आर्टेमिस करारावर सही केली. तो सहकार्याच्या तत्त्वांचा करार आहे, चंद्रावर जागा मिळण्याची हमी नव्हे. स्वतःच्या बळावर २०४० पर्यंत भारतीयाला चंद्रावर उतरवायचं उद्दिष्ट त्याच वर्षी जाहीर झालं. त्याआधी गगनयान, यानांची जोडणी, चंद्रावरून नमुने आणणं आणि बऱ्याच मोठ्या रॉकेटची गरज आहे. महाराष्ट्राचा यात जुना हात आहे: इस्रोची विकास इंजिनं विक्रोळीच्या गोदरेजमध्ये बनतात आणि रॉकेटच्या बूस्टरचे भाग वालचंदनगरहून जातात.

पुढच्या बातम्यांत नेमकं काय पाहावं?

उड्डाणाच्या तारखांपेक्षा चाचण्यांचे निकाल पाहा. कक्षेत एका यानातून दुसऱ्या यानात किती टन इंधन गेलं आणि त्यातलं किती उकळून गेलं. माणसांसाठीचा लँडर रिकामा जाऊन चंद्रावर उतरला का, आणि तिथून परत उडाला का. नुसतं उतरून दाखवणं मला अपुरं वाटतं. सूट निर्वात आणि अतिथंड कक्षात माणसासह किती तास चालला. नव्या सच्छिद्र ॲव्हकोटची परतीनंतरची छायाचित्रं कशी आहेत. आणि यातली एखादी चाचणी फसली अशी बातमी आली, तर ती कशामुळे फसली हे सांगणारा मजकूर शोधून वाचा; मोहीम कुठवर आली आहे ते तिथेच कळतं.